सहायक ते दिग्दर्शक : गुरुदत्त यांची वाटचाल

चित्रपट सुरू होतो तेव्हा पडद्यावर नावे झळकू लागतात. नायक-नायिका, संगीतकार, गीतकार, छायालेखक यांची नावे प्रेक्षक वाचतात. सहायक दिग्दर्शकांची नावे मात्र वाचून होण्यापूर्वीच सरकून जातात. त्या नावांकडे सहसा कोणाचे लक्ष नसते. पण हिंदी चित्रपटसृष्टीतील कित्येक मोठ्या दिग्दर्शकांची कारकीर्द त्याच ओळीतून सुरू झाली. 'प्यासा' आणि 'कागज के फूल' या चित्रपटांचे दिग्दर्शक गुरुदत्त हे त्यांपैकी एक ठळक नाव होय.

गुरुदत्त यांच्याविषयी लिहिताना त्यांचे खासगी जीवन, त्यातील ताण आणि अकाली मृत्यू यांचीच चर्चा अधिक होते. त्यांनी दिग्दर्शन कोठे, कोणाकडून आणि कसे आत्मसात केले, हा विषय मागे पडतो. वास्तविक १९४४ ते १९५१ ही सुमारे सात वर्षे त्यांच्या घडणीची वर्षे होती आणि त्यांचा प्रारंभ पुण्यात झाला.

अल्मोडा ते पुणे

गुरुदत्त यांचा जन्म ९ जुलै १९२५ रोजी बंगळूर येथे झाला. वसंतकुमार शिवशंकर पदुकोण हे त्यांचे मूळ नाव. त्यांचे बालपण मुख्यत्वे कोलकात्यात गेले. बंगाली भाषा, तेथील लोकजीवन आणि रस्त्यावरील गाणी यांचा ठसा त्यांच्यावर उमटला तो याच काळात. पुढे त्यांच्या चित्रपटांतून कोलकाता पुन्हा पुन्हा डोकावत राहिले.

घरची परिस्थिती बेताची असल्याने महाविद्यालयीन शिक्षण शक्य झाले नाही. १९४२ मध्ये ते अल्मोडा येथे उदयशंकर यांच्या कलाकेंद्रात दाखल झाले. तेथे नृत्याला संगीत, नाट्य आणि रंगमंच यांची जोड दिली जात असे. उस्ताद अल्लाउद्दीन खाँ यांच्यासारख्या श्रेष्ठ कलावंतांचा या केंद्राशी संबंध होता. शरीराची लय, समूहाची रचना, प्रकाशात येणारी आणि अंधारात विरणारी आकृती या गोष्टींचे संस्कार कॅमेऱ्याशी ओळख होण्यापूर्वीच त्यांच्यावर झाले. १९४४ मध्ये हे केंद्र बंद पडले. मधल्या काळात कोलकात्यातील एका कंपनीत त्यांनी टेलिफोन ऑपरेटरची नोकरीही केली. पण त्या कामात त्यांचे मन रमले नाही.

नात्यातील चित्रकार बी. बी. बेनेगल यांच्या ओळखीतून त्यांना पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीत तीन वर्षांच्या करारावर काम मिळाले. हे साल १९४४. तेव्हा त्यांचे वय अवघे एकोणीस वर्षांचे होते.

'प्रभात'ची शाळा

'प्रभात'ची स्थापना १९२९ मध्ये कोल्हापुरात झाली आणि १९३३ मध्ये कंपनीने पुण्यात बस्तान हलविले. गुरुदत्त तेथे पोहोचले तेव्हा कंपनीचा वैभवकाळ ओसरू लागला होता. व्ही. शांताराम यांनी १९४२ मध्येच 'प्रभात' सोडून मुंबईत 'राजकमल'ची उभारणी केली होती. विष्णुपंत दामले यांचे १९४५ मध्ये निधन झाले. तरीही कामाची जुनी शिस्त टिकून होती. त्या काळी कलाकार व तंत्रज्ञ पगारावर असत. नेपथ्य, प्रयोगशाळा, ध्वनी, संकलन हे सारे विभाग एकाच आवारात नांदत. नवशिक्याला एका विभागातून दुसऱ्या विभागात सहज डोकावता येई.

ही परंपरा 'प्रभात'च्या संस्थापकांनी स्वतःच्या अनुभवातून आणली होती. शांताराम, दामले, फत्तेलाल ही मंडळी कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करीत शिकली होती. चित्रपटाचे शिक्षण देणारी संस्था तेव्हा देशात नव्हती. गुरूच्या हाताखाली राहून, बघून आणि चुका करून शिकणे हाच एकमेव मार्ग होता.

सहायक दिग्दर्शकाचे काम बाहेरून दिसते तितके सोपे नसते. क्लॅप देणे, कलाकारांना वेळेवर सेटवर आणणे, संवादांची उजळणी करून घेणे, आदल्या दिवशीच्या दृश्यात नायकाच्या हातात काय होते आणि पदर कोणत्या खांद्यावर होता याची नोंद ठेवणे, गर्दीच्या दृश्यात मागच्या रांगेतील माणसांना कामाला लावणे, ही सारी जबाबदारी त्याच्यावर असते. काम बिघडले तर बोलणी त्याने खायची. जमले तर श्रेय दिग्दर्शकाचे. परंतु दृश्याचे तुकडे कसे पाडले जातात आणि पुढे ते कसे जुळतात, हे त्याच्याइतके जवळून दुसरे कोणी पाहत नाही.

'प्रभात'मध्ये गुरुदत्त यांनी अशी मिळतील ती कामे केली. १९४४ च्या 'चाँद'मध्ये त्यांनी छोटी भूमिका केली. १९४५ च्या 'लाखारानी'त अभिनयाबरोबर ते दिग्दर्शक विश्राम बेडेकर यांचे सहायकही होते. 'रणांगण' या कादंबरीमुळे मराठी साहित्यात मानाचे स्थान मिळविलेल्या बेडेकरांच्या हाताखाली गुरुदत्त यांनी दिग्दर्शनाचे प्राथमिक धडे गिरविले, ही गोष्ट मराठी वाचकांनी आवर्जून लक्षात ठेवावी अशी आहे. पुढील वर्षी पी. एल. संतोषी यांच्या 'हम एक हैं'मध्ये त्यांनी सहायक दिग्दर्शन आणि नृत्यदिग्दर्शन अशी दुहेरी जबाबदारी पेलली.

परिटाच्या चुकीतून जुळलेली मैत्री

'हम एक हैं' हा देव आनंद यांचा पहिला चित्रपट. तेही तेव्हा 'प्रभात'मध्ये नवखे होते. दोघांचे कपडे एकाच परिटाकडे जात. एकदा परिटाकडून सदऱ्यांची अदलाबदल झाली. आपला सदरा दुसऱ्याच्या अंगावर पाहून विचारपूस झाली आणि त्यातून मैत्री जमली, अशी आठवण देव आनंद यांनी अनेकदा सांगितली आहे. याच मैत्रीत दोघांनी एकमेकांना शब्द दिला होता. देव आनंद निर्माते झाले तर त्यांच्या चित्रपटाचे दिग्दर्शन गुरुदत्त करतील आणि गुरुदत्त चित्रपट काढतील तेव्हा त्यात देव आनंद नायक असतील, असा तो शब्द होता.

नट रहमान यांच्याशीही त्यांचा स्नेह याच पुण्यात जुळला. पुढे 'प्यासा'तील प्रकाशक, 'चौदहवीं का चाँद'मधील नवाब आणि 'साहिब बीबी और गुलाम'मधील छोटे बाबू या भूमिका रहमान यांनीच साकारल्या.

बेकारीचे दहा महिने

१९४७ मध्ये करार संपला आणि गुरुदत्त मुंबईत आले. जवळजवळ दहा महिने त्यांच्या हाताला काम नव्हते. माटुंग्यातील घरात कुटुंबीयांसमवेत राहून ते इंग्रजीत कथा लिहीत. याच दिवसांत 'कशमकश' नावाची एक कथा त्यांनी लिहिली. जगाने नाकारलेल्या कलावंताची ही कथा पुढे दहा वर्षे त्यांच्याजवळ पडून होती. तिचाच विस्तार होऊन 'प्यासा' निर्माण झाला. तेव्हा 'प्यासा'चे मूळ यशस्वी दिग्दर्शकाच्या अभ्यासिकेत नव्हे, तर काम शोधणाऱ्या बेकार सहायकाच्या वहीत आहे.

त्यानंतर त्यांना अमिय चक्रवर्ती यांच्याकडे 'गर्ल्स स्कूल' (१९४९) आणि ज्ञान मुखर्जी यांच्याकडे बॉम्बे टॉकीजच्या 'संग्राम' (१९५०) या चित्रपटांसाठी सहायक म्हणून काम मिळाले. यांपैकी ज्ञान मुखर्जी यांचा प्रभाव विशेष खोल होता. १९४३ चा त्यांचा 'किस्मत' कोलकात्याच्या रॉक्सी चित्रपटगृहात तीन वर्षांहून अधिक काळ चालला होता. सज्जनपणाचे लेबल न लावलेला, चोरी करणारा नायक प्रेक्षकांना आपलासा वाटू शकतो, हे त्या चित्रपटाने दाखवून दिले. 'संग्राम'मध्येही नायक गुन्हेगारीकडेच वळलेला होता. गुन्हेगारीचे जग, शहरातील रात्र आणि त्यात अडकलेला तरुण, हा पुढे गुरुदत्त यांच्या सुरुवातीच्या चित्रपटांचा गाभा ठरला.

या गुरूचे ऋण ते विसरले नाहीत. ज्ञान मुखर्जी यांचे १९५६ मध्ये निधन झाले आणि पुढच्या वर्षी प्रदर्शित झालेला 'प्यासा' गुरुदत्त यांनी त्यांच्या स्मृतीस अर्पण केला. 'कागज के फूल'मधील उतरणीला लागलेल्या दिग्दर्शकाच्या चित्रणातही मुखर्जी यांच्या अखेरच्या दिवसांची छाया असल्याचे अनेक अभ्यासकांचे मत आहे.

'बाजी' : पहिली संधी

देव आनंद यांनी शब्द पाळला. त्यांच्या 'नवकेतन' संस्थेचा दुसरा चित्रपट 'बाजी' (१९५१) गुरुदत्त यांच्याकडे सोपविण्यात आला. पटकथा बलराज साहनी यांची, संगीत सचिनदेव बर्मन यांचे आणि गीते साहिर लुधियानवी यांची होती. नृत्यरचना जोहरा सेहगल यांच्याकडे होती. अल्मोड्याच्या केंद्राशी त्यांचाही निकटचा संबंध होता. चित्रपट लोकप्रिय झाला आणि वयाच्या पंचविशीत गुरुदत्त यांचे नाव दिग्दर्शक म्हणून पडद्यावर आले.

'बाजी'च्या चित्रीकरणाने त्यांना आयुष्यभराचे सहकारी मिळवून दिले. बेस्टमध्ये बस कंडक्टर असलेल्या बदरुद्दीन काझी यांनी मद्यपीची हुबेहूब नक्कल करून दाखविली आणि त्यांना भूमिका मिळाली. तेच जॉनी वॉकर होत. गायिका गीता रॉय यांची ओळखही याच चित्रपटाच्या गाण्यांच्या ध्वनिमुद्रणावेळी झाली. १९५३ मध्ये दोघे विवाहबद्ध झाले.

छायालेखक व्ही. के. मूर्ती यांची कथा आपल्या विषयाच्या दृष्टीने अधिक बोलकी आहे. 'बाजी'चे छायालेखक व्ही. रात्रा होते आणि मूर्ती त्यांचे सहायक. एका गाण्यात आरशातील प्रतिबिंबापासून सुरू होणारे एक अवघड दृश्य घेण्याची कल्पना मूर्ती यांनी धीर करून सुचविली. सहायकाने दिग्दर्शकाला असे काही सुचविण्याची तेव्हा पद्धत नव्हती. गुरुदत्त यांनी रात्रा यांच्या संमतीने मूर्ती यांनाच ते दृश्य घेऊ दिले. काम संपल्यावर, पुढील चित्रपटापासून आपले छायालेखक तुम्हीच, असे त्यांनी मूर्ती यांना सांगून टाकले. 'जाल'पासून 'साहिब बीबी और गुलाम'पर्यंत प्रकाश आणि सावलीची जी किमया दिसते, तिचे बीज त्या एका दृश्यात होते. याच मूर्ती यांना पुढे २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. हा सन्मान मिळविणारे ते पहिले छायालेखक ठरले.

शैली घडत गेली

'बाजी'नंतर आलेल्या 'जाल' (१९५२) या चित्रपटाला गोव्यातील कोळी वस्तीची पार्श्वभूमी होती. 'बाज' (१९५३) या सागरी साहसकथेत गुरुदत्त प्रथमच नायक म्हणून आले; मात्र तो चित्रपट अपयशी ठरला. स्वतःच्या निर्मितीसंस्थेच्या 'आरपार' (१९५४) या चित्रपटाने त्यांना सावरले. टॅक्सीचालकाच्या या कथेत ओ. पी. नय्यर यांचे संगीत गाजले. प्रत्येक पात्राने आपापल्या प्रांताच्या आणि पेशाच्या ढंगाने बोलावे, ही अबरार अल्वी यांच्या संवादांची नवलाई होती. 'मिस्टर अँड मिसेस ५५' (१९५५) मध्ये त्यांनी व्यंगचित्रकार रंगविला. त्यात पडद्यावर चित्र रेखाटताना दिसणारा हात आर. के. लक्ष्मण यांचा आहे.

गाण्यांचे चित्रीकरण हा गुरुदत्त यांचा हातखंडा होता. त्या काळी गाणे आले की कथा थांबत असे. गुरुदत्त यांनी गाण्यालाच कथेचा भाग केले. लांबलचक प्रास्ताविक वाद्यमेळ टाळून संवादातूनच गाणे सुरू करायचे आणि ते गॅरेज, कचेरी, रस्ता अशा नेहमीच्या ठिकाणी घडवायचे, ही त्यांची पद्धत होती. दीर्घ नाभीय अंतराच्या भिंगांनी घेतलेले चेहऱ्याचे समीपदृश्य हे त्यांचे आणखी एक वैशिष्ट्य. नृत्यदिग्दर्शक म्हणून केलेली उमेदवारी येथे उपयोगी पडल्याचे सहज दिसते.

'प्यासा' आणि 'कागज के फूल'

१९५७ चा 'प्यासा' हा त्यांच्या कारकिर्दीचा कळस मानला जातो. नायकाच्या भूमिकेसाठी प्रथम दिलीपकुमार यांचा विचार झाला होता. अखेरीस ती गुरुदत्त यांनी स्वतः केली. जिवंतपणी ज्याची कविता रद्दीत जाते त्या विजयला मृत समजून समाज डोक्यावर घेतो. परत आल्यावर भर सभेत तो आपले नाव आणि ओळख नाकारतो. तिकीटबारीवर यश मिळविलेल्या या चित्रपटाचा 'टाइम' साप्ताहिकाने २००५ मध्ये सर्वकालीन शंभर श्रेष्ठ चित्रपटांच्या यादीत समावेश केला.

दोन वर्षांनी आलेला 'कागज के फूल' (१९५९) हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. आरशांच्या साहाय्याने सूर्यप्रकाश स्टुडिओत वळवून मूर्ती यांनी साधलेला प्रकाशझोत आजही छायालेखनाच्या अभ्यासकांना खुणावतो. मूर्ती यांना छायालेखनाचे आणि ज्येष्ठ चित्रकार एम. आर. आचरेकर यांना कलादिग्दर्शनाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. प्रेक्षकांनी मात्र या चित्रपटाकडे पाठ फिरविली. यशाच्या शिखरावरून घसरलेला दिग्दर्शक सुरेश सिन्हा आपल्याच स्टुडिओत खुर्चीवर प्राण सोडतो, ही कथा तेव्हा लोकांना रुचली नाही.

या अपयशाचा परिणाम दूरगामी झाला. त्यानंतर कोणत्याही चित्रपटावर गुरुदत्त यांनी दिग्दर्शक म्हणून आपले नाव लावले नाही.

नावामागील प्रश्न

१९६० मध्ये त्यांनी काढलेला 'चौदहवीं का चाँद' तुफान चालला. त्यावर दिग्दर्शक म्हणून एम. सादिक यांचे नाव होते. बिमल मित्र यांच्या कादंबरीवरील 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) या चित्रपटाचे दिग्दर्शन अबरार अल्वी यांनी केले आणि त्यासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. या चित्रपटावर गुरुदत्त यांची छाप इतकी स्पष्ट आहे की खरा दिग्दर्शक कोण, हा वाद तेव्हापासून सुरू आहे. गाण्यांचे चित्रीकरण गुरुदत्त यांनी आणि उर्वरित दिग्दर्शन आपण केले, असे अल्वी २००९ मध्ये निधन होईपर्यंत सांगत राहिले.

हा वाद मिटविण्याचा आग्रह धरण्याचे कारण नाही. गुरुदत्त यांच्या संस्थेत कामाची वाटणी नेहमीच अशी सैल होती. ती त्यांची सवय होती आणि सहायकांच्या बाबतीत तेच त्यांचे सामर्थ्यही होते.

सहायकांना घडविणारा दिग्दर्शक

राज खोसला मुंबईत आले ते गायक होण्यासाठी. देव आनंद यांच्या शिफारशीवरून ते गुरुदत्त यांचे सहायक झाले. गुरुदत्त यांनी १९५६ मध्ये 'सी.आय.डी.' काढला तेव्हा त्याचे दिग्दर्शन खोसला यांच्याकडे सोपविले. नायक अर्थातच देव आनंद होते. पुण्यात दिलेला दुसरा शब्द असा पुरा झाला. वहिदा रहमान यांचे हिंदी पडद्यावरील आगमन याच चित्रपटातून झाले. खोसला यांनी पुढे 'काला पानी', 'वह कौन थी', 'दो रास्ते', 'मेरा गाँव मेरा देश' असे निरनिराळ्या वळणाचे यशस्वी चित्रपट दिले.

प्रमोद चक्रवर्ती हेही गुरुदत्त यांच्या हाताखाली तयार झाले. त्यांच्या 'ट्वेल्व ओ'क्लॉक' (१९५८) या चित्रपटात गुरुदत्त यांनी नायकाची भूमिका केली. कालच्या सहायकाच्या सूचनेनुसार कॅमेऱ्यासमोर उभे राहण्यात त्यांना कमीपणा वाटला नाही.

ही साखळी पुढेही चालू राहिली. राज खोसला यांच्याकडे उमेदवारी केलेले महेश भट्ट यांनी 'अर्थ' आणि 'सारांश' हे चित्रपट दिले. ज्ञान मुखर्जी, गुरुदत्त, राज खोसला, महेश भट्ट अशा चार पिढ्या या एका धाग्याने जोडल्या गेल्या आहेत. त्यांच्या चित्रपटांची जात एक नाही. परंतु प्रत्येकाने आपल्या कामाची सुरुवात दुसऱ्याच्या सेटवर, दुसऱ्याचे काम नीट पार पाडण्याच्या जबाबदारीने केली.

अखेर

१० ऑक्टोबर १९६४ रोजी मुंबईत पेडर रोडवरील निवासस्थानी गुरुदत्त यांचे निधन झाले. मद्य आणि झोपेच्या गोळ्या हे त्याचे कारण ठरले. तो अपघात होता की आत्महत्या, याचे निश्चित उत्तर मिळालेले नाही. ते अवघे ३९ वर्षांचे होते. त्यांची भूमिका असलेला 'बहारें फिर भी आयेंगी' धर्मेंद्र यांना घेऊन नव्याने पूर्ण करावा लागला आणि १९६६ मध्ये प्रदर्शित झाला. २००४ मध्ये भारतीय टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तिकीट काढले. २०२५ हे त्यांचे जन्मशताब्दी वर्ष होते.

सात वर्षे दुसऱ्यांच्या नावाखाली, नऊ वर्षे स्वतःच्या नावाने आणि अखेरची पाच वर्षे पुन्हा दुसऱ्यांच्या नावामागे, असा गुरुदत्त यांच्या कारकिर्दीचा आलेख आहे. पहिल्या टप्प्यात नाव नव्हते ते परिस्थितीमुळे. शेवटच्या टप्प्यात ते त्यांनी स्वतःच बाजूला ठेवले. मधल्या आठ चित्रपटांनी त्यांना अमर केले हे खरे. पण त्या आठ चित्रपटांची मुळे शोधायची तर पहिल्या सात वर्षांकडेच जावे लागते.

पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावरील 'प्रभात'च्या त्याच आवारात १९६० पासून चित्रपटशिक्षण देणारी राष्ट्रीय संस्था उभी आहे. गुरुदत्त यांना जे शिक्षण क्लॅप देता देता मिळाले, ते आता तेथे अभ्यासक्रमातून मिळते. तरीही पदविका घेऊन बाहेर पडणाऱ्या कित्येक तरुणांना पहिले काम मिळते ते सहायकाचेच. पडद्यावर भरकन सरकणारी ती ओळ पुढच्या वेळी सावकाश वाचावी. उद्याचा एखादा दिग्दर्शक तिच्यात असू शकतो.

गुरुदत्त यांनी दिग्दर्शित केलेले चित्रपट

- बाजी (१९५१)
- जाल (१९५२)
- बाज (१९५३)
- आरपार (१९५४)
- मिस्टर अँड मिसेस ५५ (१९५५)
- सैलाब (१९५६)
- प्यासा (१९५७)
- कागज के फूल (१९५९)